विनापरवाना विश्व

मला खरं म्हणजे फक्त पंचवीस-तीस खुर्च्या आणि आमच्या इमारतीचा तळमजल्यावरचा हॉल हवा होता. तोही एका रविवारी सकाळी, तास-दोन तासांसाठी. एवढ्यावरून घरी बांधकाम खात्याची नोटीस येऊ शकते, हे मला आधी कुणी सांगितलं असतं तर मी त्याला गार पाण्याने तोंड धुवून यायला सांगितलं असतं.

हॉल हवा होता नानांसाठी. नाना म्हणजे माझे सासरे. पाणीपुरवठा खात्यात ड्राफ्ट्समन होते. उभी हयात नळांचे आणि गटारांचे नकाशे काढण्यात गेली. निवृत्तीनंतर माणसं बागेत लक्ष घालतात, तब्येतीत लक्ष घालतात, फारच झालं तर मुलांच्या संसारात लक्ष घालतात. नानांनी विश्वात लक्ष घातलं. आमच्याकडे कायमचे राहायला आले तेव्हा सामान म्हणून एक बॅग, ड्रॉइंगच्या कागदांची एक जाड गुंडाळी आणि एक सिद्धांत, एवढंच होतं. बॅग कपाटात मावली, गुंडाळी कपाटावर. सिद्धांत मात्र घरभर झाला.

सिद्धांत असा, की विश्व जागं आहे. त्याला कुणी बनवलेलं नाही. ते स्वतःच स्वतःला आतून बांधत असतं, दर क्षणी, आणि बांधता बांधता स्वतःला ओळखत असतं. मला यातलं तेव्हाही काही कळलं नाही आणि आजही छातीठोकपणे सांगता येणार नाही. पण जेवणाच्या टेबलावर जावयाने गप्प बसणं बरं दिसत नाही, म्हणून मी पहिल्याच दिवशी गमतीने विचारलं, "म्हणजे नाना, या चमच्यालाही कळतं?"

"कळतं," नाना म्हणाले.

"काय कळतं?"

"ते चमच्याच्या बेताने. आपल्याला आपल्या बेताने कळतं, त्याला त्याच्या."

यात माझ्याकडे त्यांनी जरा रोखून पाहिलं असं मला वाटलं. त्यानंतर कितीतरी दिवस चहात साखर ढवळताना मी चमच्याच्या नजरेला नजर देऊ शकत नव्हतो.

बायकोची अडचण वेगळी होती. एक दिवस भाजी निवडता निवडता ती म्हणाली, "अहो, बाबांना एकदा चार माणसांपुढे बोलू द्या ना. इतकी वर्षं डोक्यात घेऊन बसलेत. तुम्ही ऐकत नाही. मी ऐकते, पण माझं लक्ष नसतं हे त्यांना कळतं."

"त्यांच्या बेताने," मी म्हणालो.

तिने हातातली काडी माझ्या अंगावर फेकली. म्हणजे आता नाही म्हणायची सोय उरली नव्हती.

मी सेक्रेटरींकडे गेलो. आमचे सेक्रेटरी हा एक फार नियमशीर माणूस आहे. जिन्यात दोघे समोरासमोर आले तर आधी कुणी वाट द्यायची याचाही नियम ते सांगू शकतात. त्यांनी चष्मा लावला, हॉलच्या नियमांचा कागद काढला आणि विचारलं, "वाढदिवस आहे का?"

"नाही."

"लग्न, साखरपुडा?"

"सासरे आहेत हो माझे!"

"मग शोकसभा?"

"नाही. म्हणजे ते चांगले धडधाकट आहेत. व्याख्यान द्यायचंय त्यांना."

"व्याख्यान बसत नाही," सेक्रेटरी म्हणाले. "वाढदिवस बसतो, लग्न बसतं, शोकसभा बसते. व्याख्यान कुठेच बसत नाही."

तेवढ्यात दुसऱ्या मजल्यावरचे दाताचे डॉक्टर तिथे आले. यांना सल्ला देण्याची इतकी सवय आहे की पेशंटच्या तोंडात दोन्ही हात असतानाही ते त्याला मुलांना कुठल्या शाळेत घालावं ते सांगतात. ते म्हणाले, "शोकसभा म्हणूनच घ्या. शोकसभेत कोण काय बोलला हे कुणी विचारत नाही."

"पण शोक कुणाचा?"

"ते शेवटपर्यंत सांगायचंच नाही."

दुसरा सल्ला त्यांनी दिला तो विश्वाचा वाढदिवस म्हणून हॉल घेण्याचा. मी म्हटलं, नानांच्या मते विश्व जन्मलेलंच नाही. यावर सेक्रेटरींनी कागद मिटून ठेवला. ज्याला जन्मतारीख नाही त्याच्यासाठी हॉल देता येत नाही, असं त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट लिहिलं होतं. पण माणूस मनाने वाईट नाही. जरा वेळाने ते म्हणाले, "रविवारी आपली सर्वसाधारण सभा आहे. दर वेळी कोरम होत नाही. तुम्ही घरोघर जाऊन माणसं गोळा करा, मी शेवटी 'ऐनवेळचे विषय' यात तुमच्या सासऱ्यांना बसवतो."

म्हणजे विश्व अखेर बसलं ते गच्चीवरची टाकी, पार्किंग आणि तळमजल्यावरच्या कुत्र्याचं भुंकणं, यांच्या खाली.

मी घरोघर गेलो. 'सभेला या' म्हटल्यावर लोकांचे चेहरे पडत, म्हणून मी 'टाकीचा निकाल लागणार आहे' असं सांगत सुटलो. परिणामी रविवारी हॉल गच्च भरला. इतका की ज्या खुर्च्यांसाठी मी एवढा आटापिटा केला त्यात मलाच जागा नव्हती. मी दाराशी, कचऱ्याच्या डब्याला टेकून उभा. नाना मात्र पहिल्या रांगेत. इस्त्रीचा शर्ट, मांडीवर ड्रॉइंगची गुंडाळी, केस पाणी लावून चापून बसवलेले. टाकीवर भांडण झालं, पार्किंगवर त्याहून मोठं झालं, कुत्र्याच्या बाबतीत तर एकमेकांच्या आई-वडिलांपर्यंत मजल गेली. नाना शांतपणे ऐकत होते. परीक्षेच्या वर्गाबाहेर मुलगा बसतो तसे.

शेवटी त्यांचं नाव पुकारलं. आणि मला कबूल केलं पाहिजे, नाना चांगलं बोलले. घरात ते अडखळतात, कारण मधे मधे कुणीतरी मीठ मागतं. इथे त्यांनी एकेक कागद उलगडून धरला. नदीतून फुटणाऱ्या प्रवाहांसारख्या बारीक निळ्या रेषा, सगळ्या आतून बाहेर येणाऱ्या. ते म्हणाले, "मी जन्मभर नकाशा आधी काढला आणि गटार नंतर खणलं गेलं. पण विश्वाचा नकाशा आधी कुणी काढला? मी फार शोधलं. मग माझ्या लक्षात आलं, की इथे नकाशा आणि बांधकाम एकाच वेळी चालू आहे. आणि काढणारा, बांधणारा, बघणारा, तिघे एकच आहेत."

मग पहिल्या मजल्यावरच्या काकूंनी हात वर केला. "म्हणजे आपली इमारतही जागी आहे?"

"आहे."

"आणि लिफ्ट?"

"तीही. लिफ्टच्या बेताने."

"मग ती मुद्दाम बंद पडते!" काकू उठून उभ्या राहिल्या. "मी पिशव्या घेऊन आले की बरोब्बर बंद पडते! मी म्हणत नव्हते?"

एकच गलका झाला. एरवी कधी कशावर एकमत न होणारे लोक लिफ्टच्या दुष्टपणावर एकत्र आले. तेवढ्यात बाहेर चहा आल्याची वर्दी लागली आणि सेक्रेटरींनी, निव्वळ सवयीने, टेबलावर पेन आपटून विचारलं, "सूचक?"

"मीच," नाना म्हणाले.

"अनुमोदक?"

"अनुमोदन!" दाताचे डॉक्टर ओरडले. त्यांना वाटलं अजून पार्किंगच चाललंय.

"बाजूने असतील त्यांनी हात वर करावेत."

चहा गार होत होता. सगळे हात वर गेले. "एकमताने मंजूर," सेक्रेटरी म्हणाले, आणि लोक उठले.

नाना तसेच उभे होते. कागद गुंडाळायचेही विसरले होते. मी जवळ गेलो तर हळूच म्हणाले, "जावईबापू, एकमताने!"

आता कुठल्याही शहाण्या माणसाची गोष्ट इथे संपली असती. पण सभेचं इतिवृत्त लिहावं लागतं, आणि ते सेक्रेटरी लिहितात. साधं वाक्य लिहायची त्यांना लाज वाटते. त्यांनी लिहिलं: 'विश्व हे स्वतःचे बांधकाम स्वतःच करीत असून सदर बांधकाम अहोरात्र चालू आहे व ते थांबविणे कोणाच्याही हाती नाही, या वस्तुस्थितीस सभेने एकमताने मान्यता दिली.' त्याची एक प्रत नियमाप्रमाणे उपनिबंधक कार्यालयात गेली. तिथे कुणीतरी 'बांधकाम' आणि 'मान्यता' एवढे दोनच शब्द वाचले आणि कागद बांधकाम खात्याकडे सरकवला. खात्याने सगळं वाचलं. मग नोटीस निघाली. 'आपल्या इमारतीत विश्व नामक बांधकाम विनापरवाना चालू असल्याचे व ते थांबविण्यास सभासदांनी नकार दिल्याचे निदर्शनास आले आहे.'

सेक्रेटरी नोटीस घेऊन वर आले तेव्हा त्यांच्या पायात दोन वेगवेगळ्या चपला होत्या. यावरून काय ते समजा.

"हे तुमच्यामुळे झालं," ते म्हणाले.

"लिहिलं तुम्ही!"

"मी जे मंजूर झालं ते लिहिलं. आता निरीक्षक येणार. आले की बाल्कन्या बघणार."

आमच्या इमारतीत प्रत्येकाने बाल्कनी काचा लावून बंद केली आहे आणि ती खोली म्हणून वापरतो आहे. कुठल्याच मंजूर नकाशात या खोल्या नाहीत. हे सगळ्यांना माहीत आहे आणि यावर कुणी मोठ्याने बोलत नाही. काकूंच्या बाल्कनीत शिलाई मशीन आहे, डॉक्टरांच्या बाल्कनीत जुनी दाताची खुर्ची. आमच्या बाल्कनीत एक पलंग आहे, एक टेबल आहे, आणि नाना आहेत.

निरीक्षक आले ते मंगळवारी सकाळी. मी दाढी करत होतो. अर्ध्या गालाला साबण तसाच घेऊन बाहेर आलो तर नानांनी त्यांना आधीच कोचावर बसवून हातात चहा दिला होता. दमलेला, सभ्य माणूस. मांडीवर फॉर्म. नानांचा चेहरा बघण्यासारखा होता. सरकारने त्यांच्या सिद्धांताची चौकशी करायला खास माणूस पाठवला होता!

"बांधकाम कधी सुरू केलं?" निरीक्षकांनी विचारलं.

"फार चांगला प्रश्न," नाना म्हणाले. "सुरू केलेलंच नाही."

निरीक्षकांनी 'अद्याप सुरू नाही' असं लिहिलं. "म्हणजे चालू नाही?"

"चालू आहे तर! सतत."

त्यांनी ते खोडलं. "कंत्राटदार कोण?"

"कुणीच नाही. ते स्वतःच करतं."

"माल कुठून आणता?"

"बाहेरून काही येतच नाही. बाहेर असं काही नाहीच आहे, तर येणार कुठून?"

"पूर्ण कधी होणार?"

"कधीच नाही," नाना समाधानाने म्हणाले.

निरीक्षकांनी मान डोलावली. बांधकाम खात्यात वीस वर्षं काढलेल्या माणसाला हे उत्तर नवीन नसावं. मग ते म्हणाले, "एकदा प्रत्यक्ष जागा दाखवा. कुठे आहे ते?"

"अहो, तुम्ही आत्ता त्यातच बसला आहात."

निरीक्षकांनी पटकन दोन्ही पाय वर घेतले.

मी मधे पडलो. मी विमा कंपनीत दावे तपासतो, म्हणजे सभ्य भाषेत लोकांना वाटेला लावण्याचा मला पुष्कळ सराव आहे. मी म्हटलं, साहेब, ही एक वैचारिक गोष्ट आहे, हे एक तत्त्वज्ञान आहे. निरीक्षक म्हणाले, "परवा एकांनी गच्चीवर दोन खोल्या बांधल्या होत्या. तेही ध्यानमंदिर म्हणाले." मग ते उठले. स्वयंपाकघर बघितलं, मोरी बघितली, आणि नानांच्या बाल्कनीत जाऊन बराच वेळ उभे राहिले. तिथे नानांनी भिंतभर आपले निळ्या रेषांचे कागद लावले आहेत. निरीक्षकांनी ते सगळे पाहिले. काचेवर बोटाने टकटक केलं. मग सुनावणीची तारीख दिली आणि गेले. जाताना नाना त्यांना जिन्यापर्यंत सोडायला गेले आणि "पुन्हा या" म्हणाले. पुन्हा या! माझ्या अर्ध्या गालावरचा साबण वाळून खडखडीत झाला होता.

त्या संध्याकाळी अख्खी इमारत आमच्या घरात. काकू म्हणाल्या, मशीन कुठे ठेवू, डोक्यावर? डॉक्टर म्हणाले, विश्व ही अक्कलदाढ आहे, मुळासकट काढल्याशिवाय सुटका नाही. सेक्रेटरींनी मसुदा आणलाच होता. नानांनी सही करायची आणि प्रश्न मिटवायचा. मसुद्यात लिहिलं होतं: 'सदर विश्व अस्तित्वात नाही, पूर्वीही नव्हते व भविष्यात ते निर्माण करण्याचा माझा कोणताही इरादा नाही.'

सही घ्यायची जबाबदारी अर्थात माझी. जावई!

सगळे गेल्यावर बायको स्वयंपाकघरातून बाहेर आलीच नाही. मी आत डोकावलो तर पाठमोरीच म्हणाली, "तुम्हाला जे योग्य वाटेल ते करा." लग्न झालेल्या कुणालाही या वाक्याचा अर्थ समजावून सांगायला नको.

मी कागद घेऊन बाल्कनीत गेलो. नाना पलंगावर बसले होते. त्यांनी मसुदा दोनदा वाचला. मी वाद घालायच्या तयारीने गेलो होतो, चार मुद्दे पाठ केले होते. त्यांनी नुसतं पेन मागितलं.

"नाना, तुम्हाला पटत नसेल तर..."

"पटायचं काय त्यात? नोकरीत हेच केलं. मी जमीन बघून रेष काढायचो, साहेब म्हणायचे गटार इथून नाही, तिथून न्या. मी खोडायचो. पाणी काही ऐकायचं नाही, ते त्याच्याच वाटेने जायचं. पण कागदावर खोडायचो." त्यांनी सही केली. सुरेख, वळणदार, ड्राफ्ट्समनची सही. "आणि तुम्ही मला इथे खोली दिलीत. माझ्यापायी ती जायला नको."

मग ते उठले आणि भिंतीवरचे कागद एकेक करून काढायला लागले. टाचण्या काढून डबीत ठेवत होते. मी 'राहू द्या ना' म्हणालो, पण इतक्या हळू की माझं मलाच ऐकू आलं नाही.

त्यानंतर घर शांत झालं. जेवताना कुणी विश्वाबद्दल बोलेना. नाना मीठ मागत, पाणी मागत, जेवण झालं की ताट उचलून ठेवत. मला इतके महिने हीच शांतता हवी होती. ती मिळाली तर मला करमेना. एकदा मीच न राहवून म्हटलं, "नाना, हा चमचा आज जरा गप्प वाटतो."

"चमचाच आहे तो," नाना म्हणाले.

बायको ताट घेऊन उठून गेली.

सुनावणीच्या दिवशी सेक्रेटरी, मी आणि नाना असे तिघे गेलो. डॉक्टर 'पाठिंबा म्हणून' आले होते. म्हणजे चौघे. सरकारी कार्यालयात असतो तसा लांब व्हरांडा, टेकायला गेलं की हलणारा बाक, आणि कुणाला काही विचारलं की तो पुढच्या माणसाकडे बोट दाखवतो. दुपारपर्यंत आम्ही अशी बरीच बोटं पाहिली. मग आमचा पुकारा झाला.

टेबलामागे एक अधिकारी बाई होत्या. फाइल त्यांनी खालपासून वरपर्यंत वाचली. एकदा कपाळाला आठ्या पडल्या, एकदा त्यांनी चष्मा काढून पुसला. शेजारी आमचे निरीक्षक हात बांधून उभे होते.

"निरीक्षकांचा अहवाल असा आहे," बाईंनी वाचून दाखवलं, "'प्रत्यक्ष जागेवर जाऊन पाहणी केली असता विश्व आढळून आले नाही.'"

"बरोबर आहे!" सेक्रेटरी उत्साहाने म्हणाले. "अगदी बरोबर. आणि हे त्यांचं स्वतःचं लेखी निवेदन." त्यांनी सही केलेला मसुदा पुढे केला.

बाईंनी तो वाचला आणि नानांकडे पाहिलं. "आजोबा, हे तुम्हाला मान्य आहे? विश्व नाही?"

नानांनी मान खाली घालून होकार दिला. हात मांडीवर होते. ज्या हातांनी हॉलमध्ये सगळ्यांपुढे कागद उलगडून धरले होते, तेच.

'पाहणी केली असता आढळून आले नाही' हे वाक्य मी दिवसातून दहादा लिहितो. गाडी ठोकलेली असते, घरात पाणी शिरलेलं असतं, माणूस समोर उभा राहून सांगत असतो, आणि मी लिहितो, आढळून आले नाही. लिहून झालं की चहा मागवतो. पण ते वाक्य आपल्या घरच्या माणसावर पडलं की कसं लागतं, हे मला त्या दिवशी कळलं. मी उभा राहिलो. का राहिलो, ते विचारू नका. माझे गुडघे माझ्या परवानगीशिवायच सरळ झाले.

"मॅडम," मी म्हणालो, "हे आम्हाला मान्य नाही. विश्व आहे."

सेक्रेटरींनी माझा शर्ट मागून खेचला. "नाही म्हणा!" ते कुजबुजले. "अहो, नाही म्हणा! बाल्कनी, बाल्कनी!"

"तुम्ही कोण?" बाईंनी विचारलं.

"मी यांचा जावई. हे निवेदन आम्ही यांच्याकडून जबरदस्तीने... म्हणजे जबरदस्तीने नाही, नुसतं बसून लिहून घेतलं. ते मागे घेतो. विश्व आहे, ते चालू आहे, आणि या साहेबांनी चहा त्यातच बसून घेतला."

निरीक्षकांनी नाइलाजाने मान हलवली. चहा घेतला होता हे खरं होतं.

बाईंनी पेन खाली ठेवलं. "नीट विचार करून बोला. नाही म्हणालात तर मी फाइल इथेच बंद करते. आहे म्हणालात तर ते विनापरवाना आहे, आणि मला पाडण्याची नोटीस काढावी लागेल."

आणि तेवढ्यात माझ्या शेजारून, कितीतरी दिवसांनी, नानांचा तो हॉलमधला आवाज आला.

"खुशाल पाडा," नाना म्हणाले. "ते पुन्हा बांधेल स्वतःला. तुमचा पाडणारा माणूस, त्याची पहार, तुमची नोटीस, सगळं धरून बांधेल. त्याला सवय आहे."

अधिकारी बाई नानांकडे बघतच राहिल्या. मग तोंडावर रुमाल धरून त्या इतक्या जोरात खोकल्या, की निरीक्षक पाणी आणायला धावले. तो खोकला नव्हता, असं माझं अजूनही मत आहे. डोळे पुसून त्यांनी नोटिशीचा कोरा फॉर्म पुढे ओढला आणि पेन उघडलं.

"क्षेत्रफळ?"

"कशाचं?" मी विचारलं.

"विश्वाचं. क्षेत्रफळ लिहिल्याशिवाय पाडण्याची नोटीस निघत नाही. किती बांधकाम पाडायचं ते लिहावं लागतं. निरीक्षक, तुम्ही मोजणी केलीत?"

"नाही मॅडम," निरीक्षक म्हणाले. "सापडलंच नाही तर मोजणार काय?"

"मोजणी नाही," बाई म्हणाल्या, आणि शांतपणे लिहायला लागल्या. "प्रकरण मोजणीअभावी प्रलंबित. मोजणी पूर्ण होईपर्यंत सदर इमारतीत सर्व बांधकामांच्या बाबतीत जैसे थे परिस्थिती ठेवावी. कशालाही हात लावू नये." त्यांनी शिक्का मारला. "पुढचं प्रकरण."

बाहेर व्हरांड्यात सेक्रेटरींनी तो आदेश तीनदा वाचला. तिसऱ्यांदा त्यांचा आवाज कापायला लागला. "सर्व बांधकामांच्या बाबतीत जैसे थे," ते म्हणाले. "म्हणजे बाल्कन्या! विश्वाची मोजणी होईपर्यंत आपल्या बाल्कन्यांना कुणी हात लावू शकत नाही!" मग ते एकदम थबकले आणि फार काळजीने नानांना विचारलं, "नाना, हे मोजून होण्यासारखं नाही ना हो?"

"वाढतंच आहे ते," नाना म्हणाले.

"वा!" सेक्रेटरी म्हणाले. "वा, वा! हॉल कधीही घ्या नाना. दर रविवारी घ्या. मी नियम बदलतो." डॉक्टरांनी नानांचा हात हातात घेऊन सांगितलं, की सिद्धांत त्यांना पहिल्या दिवसापासून पटला होता, आणि अनुमोदन त्यांचंच होतं हे कुणी विसरू नये. मग आदेश नानांच्या हातात ठेवून ते दोघे ही बातमी इमारतीत आपण आधी सांगावी म्हणून धावत सुटले.

नाना आणि मी मागे राहिलो. रस्त्याच्या कडेला, बसथांब्यावर, दुपारच्या उन्हात. थांब्याच्या बाकावर बसलो. मग नानांनी विचारलं, "जावईबापू, खरं सांगा. तुम्हाला सिद्धांत पटलाय?"

थाप मारायची संधी चांगली होती. पण सकाळपासून इतकं खोटं-खरं झालं होतं की मला कंटाळा आला होता. "नाही हो नाना," मी म्हटलं. "मला त्यातलं काहीही कळलेलं नाही."

"मग आत उभे का राहिलात?"

"त्यांनी तुम्हालाच 'आढळून आले नाही' म्हटलं. मला ते आवडलं नाही."

नानांनी माझ्याकडे पाहिलं आणि पुन्हा रस्त्याकडे पाहिलं. बस आली, दार उघडून उभी राहिली. आम्ही दोघे उठलो नाही. ड्रायव्हरने वैतागून हात उडवला आणि बस निघून गेली. तेवढ्यात बायकोचा फोन आला.

"काय झालं? बाबा कसे आहेत? कधी येताय?"

मी शेजारी पाहिलं. नानांनी खिशातून पेन काढलं होतं आणि आदेशाचा कागद उलटा करून मांडीवर पसरला होता. कोऱ्या बाजूला, अगदी मधोमध, त्यांनी एक ठिपका काढला.

"तू जेवून घे," मी बायकोला म्हणालो. "आम्हाला उशीर होईल."

आणि मी नानांच्या जरा जवळ सरकून बसलो, म्हणजे आता रेषा नीट दिसतील.